सांतोरिनीत वाइन चाखण्याआधी वेली बघा

ग्रीसच्या या बेटावर द्राक्षांचे मांडव शोधू नका. वेली जमिनीलगत टोपलीसारख्या गोल वळवतात. घड आत, वाऱ्यापासून आडोशाला. पाऊस नावापुरता, बरीचशी ओल समुद्री धुक्याची. ज्वालामुखीच्या राखेच्या मातीत फायलोक्सेरा ही मुळं पोखरणारी कीड टिकली नाही, म्हणून इथल्या वेलींना कलमाची गरज पडत नाही.

चाखताना आधी असिर्टिको ही वाइन घ्या: गोडवा नाही, छान आंबटसर, किंचित खारट. उन्हात वाळवलेल्या द्राक्षांची गोड विनसांतो शेवटी. ती पिंपात किमान २ वर्षं मुरते.

वाइननंतर इथल्या स्वयंपाकाच्या वर्गात गेले, तर माझा जीव मात्र फाव्यावर! ही पिवळी डाळ आपल्या विदर्भातल्या लाखोळीच्या कुळातली. मऊ शिजवून घोटायची, वर ऑलिव्ह तेल आणि कच्चा कांदा. सोबत टोमॅटोची भजी. हात फोडणीकडे जाईल, आवरा.