दोष संवेदकाचा की जोडणीचा?

चेन्नई शहराचा मोटार-उद्योगाशी असलेला संबंध जुना आहे. शहराचे नाव मद्रास होते त्या काळात, १९४८ साली, तेथे अशोक मोटर्स ही कंपनी स्थापन झाली. १९५५ मध्ये तिलाच अशोक लेलँड हे नाव मिळाले. १९६१ मध्ये याच शहरातील स्टँडर्ड मोटर प्रॉडक्ट्स या कंपनीची स्टँडर्ड हेरल्ड ही छोटी मोटार रस्त्यावर आली. त्यानंतर सदतीस वर्षांनी, १९९८ मध्ये, चेन्नईजवळील इरुंगाट्टुकोट्टै येथील ह्युंदाईच्या कारखान्यातून सँट्रो ही मोटार बाहेर पडली. या दोन गाड्या शेजारी उभ्या करून त्यांची बॉनेटे उघडली, तर मधल्या काळात काय घडले ते सहज ध्यानात येते. हेरल्डमध्ये हवा आणि पेट्रोल यांचे मिश्रण कार्बुरेटर करीत असे व त्याचे काम सर्वस्वी यांत्रिक होते. सँट्रोमध्ये पेट्रोल किती सोडावयाचे हे इलेक्ट्रॉनिक नियंत्रक ठरवू लागला.

या नियंत्रकाला स्वतःचे डोळे-कान नसतात. इंजिन किती तापले आहे, आत येणारी हवा किती आहे, दट्ट्या कोणत्या स्थितीत आहे, धुराड्यातून जाणाऱ्या वायूत प्राणवायू किती उरला आहे, ही सर्व माहिती त्याला निरनिराळे संवेदक पुरवितात. १ एप्रिल २०२० पासून देशभर भारत स्टेज-६ हे प्रदूषण-नियम लागू झाल्यावर या संवेदकांची संख्या आणखी वाढली. प्रत्येक संवेदकाला नियंत्रकाशी जोडणाऱ्या तारा असतात आणि त्या तारांच्या टोकाला प्लास्टिकच्या घरात बसविलेल्या धातूच्या पिना असतात. या घराला आपल्याकडील मेकॅनिक 'कपलर' म्हणतात.

गाडीत बिघाड झाला की नियंत्रक एक सांकेतिक क्रमांक नोंदवून ठेवतो आणि चालकासमोरचा दिवा लावतो. क्रमांक पाहून संवेदक बदलला जातो, पैसे दिले जातात आणि आठ दिवसांनी तोच दिवा पुन्हा लागतो. असे होण्याचे कारण बहुधा एकच असते. नियंत्रकाने नोंदविलेला क्रमांक विद्युत् मंडलातील दोष सांगतो. त्या मंडलातील नेमका कोणता भाग बिघडला आहे हे तो सांगत नाही. मंडलात संवेदक, तारा, कपलर आणि स्वतः नियंत्रक असे चार घटक असतात. त्यांपैकी सर्वांत स्वस्त आणि सर्वांत उपेक्षित घटक म्हणजे कपलर होय.

संवेदक माहिती कशी देतो

इंजिनातील शीतकाचे तापमान सांगणारा संवेदक उदाहरणादाखल घेऊ. त्याच्या आत एक लहानसा रोधक असतो. तापमान वाढले की त्याचा रोध कमी होतो. सामान्यतः आढळणाऱ्या एका प्रकारात २० अंश सेल्सिअसला हा रोध सुमारे २,५०० ओहम असतो, तर ९० अंशांना तो २५० ओहमच्या आसपास येतो. नियंत्रक आपल्या आतील एका ठराविक रोधामार्फत ५ व्होल्टचा दाब या मंडलाला देतो आणि संवेदकावर किती दाब पडतो ते मोजतो. त्या आकड्यावरून तो तापमान ओळखतो.

समजा, नियंत्रकातील रोध २,००० ओहम आहे. इंजिन ९० अंशांवर असताना संवेदकावर सुमारे ०.५६ व्होल्ट दाब येईल. आता कपलरमधील एक पिन खराब होऊन तेथे ५०० ओहमचा जादा रोध निर्माण झाला असे मानू. नियंत्रकाला संवेदक आणि पिन यांचा रोध वेगवेगळा दिसत नाही. त्याला एकूण ७५० ओहम दिसतात आणि दाब सुमारे १.३६ व्होल्ट होतो. हा दाब ५० अंशांहून थोड्या अधिक तापमानाचा निदर्शक आहे. म्हणजे इंजिन पुरते तापलेले असताना ते अजून कोमट आहे, अशी नियंत्रकाची समजूत होते.

या समजुतीचे परिणाम लहान नाहीत. थंड इंजिनाला अधिक पेट्रोल लागते, म्हणून नियंत्रक पेट्रोल वाढवितो. गाडीचे मायलेज घटते, प्लग काळे पडतात आणि धूर शुद्ध करणाऱ्या उत्प्रेरकाचेही नुकसान होते. याहून गंभीर गोष्ट अशी की, पुष्कळ गाड्यांत रेडिएटरचा पंखा याच संवेदकाच्या सूचनेवर चालतो. नियंत्रकाच्या लेखी इंजिन कोमटच असल्यामुळे पंखा सुरू होत नाही. मे महिन्यातील चेन्नईच्या उन्हात, वाहनांच्या गर्दीत अडकलेल्या गाडीचे इंजिन अशा वेळी हकनाक तापते आणि खर्च काही रुपयांच्या पिनेवरून इंजिन उघडण्यापर्यंत जाऊन पोहोचतो.

तार पूर्ण तुटली असती तर नियंत्रकाला उणे ४० अंश असे अशक्य तापमान दिसले असते आणि त्याने दोष लगेच नोंदविला असता. अर्धवट बिघडलेली पिन मात्र शक्य वाटेल असाच आकडा देते. नियंत्रक फार तर 'इंजिन अपेक्षेप्रमाणे तापत नाही' अशी नोंद करतो आणि त्यावरून निर्दोष थर्मोस्टॅट बदलला जातो.

दोन धातूंचा संपर्क

दोन पिना एकमेकींत घट्ट बसल्या की त्यांचा पृष्ठभाग सर्वत्र टेकला आहे असे आपल्याला वाटते. प्रत्यक्षात तसे नसते. गुळगुळीत दिसणारा धातूही सूक्ष्म पातळीवर उंचसखल असतो आणि दोन पृष्ठभाग केवळ काही उंचवट्यांवर एकमेकांना स्पर्श करतात. विद्युत् संपर्काचा आयुष्यभर अभ्यास करणारे स्वीडिश शास्त्रज्ञ रॅग्नर होल्म यांनी ही गोष्ट विस्ताराने मांडली. सारा प्रवाह या मोजक्या बिंदूंमधून जातो. ते बिंदू मळले की संपर्क बिघडतो.

पिना तांब्याच्या मिश्रधातूच्या असतात आणि त्यांवर सामान्यतः कथिलाचा पातळ थर दिलेला असतो. आपल्याकडे तांब्यापितळेच्या भांड्यांना कल्हई करतात ती याच धातूची. कल्हई उडालेल्या भांड्यात ताक कळकते; तसाच कथिलाचा थर गेलेल्या पिनेवर हिरवा कळंक चढतो. कथिलाचा आणखी एक गुण येथे अडचणीचा ठरतो. इंजिनाच्या कंपनांमुळे आणि तापण्या-निवण्यामुळे पिना एकमेकींवर काही मायक्रॉन इतक्या सूक्ष्म अंतराने सतत घासत राहतात. प्रत्येक घर्षणात ताजे कथिल उघडे पडते, हवेतील प्राणवायूशी त्याचा संयोग होतो आणि तयार झालेली काळसर भुकटी संपर्कबिंदूंमध्ये साचते. ही भुकटी वीज नीट वाहू देत नाही.

हेडलाइटच्या तारेतून काही अँपिअर प्रवाह वाहतो. तेथे असा पातळ थर टिकाव धरीत नाही. संवेदकाच्या तारेतून मात्र मिलिअँपिअरमध्ये मोजावा लागेल इतका क्षीण प्रवाह जातो. तो थर भेदण्याची शक्ती त्या प्रवाहात नसते. हेडलाइट झगझगीत पेटत असतानाही संवेदकाची माहिती चुकते, ती याच कारणाने.

पाणी, मीठ आणि दमट हवा

चेन्नईला वर्षातील बहुतांश पाऊस ऑक्टोबर ते डिसेंबर या काळात ईशान्य मोसमी वाऱ्यांपासून मिळतो. समुद्रकिनाऱ्यामुळे हवेत ओलावा आणि क्षार असतात ते वेगळेच. १ आणि २ डिसेंबर २०१५ रोजी अड्यार नदीला महापूर आला तेव्हा आणि पुन्हा डिसेंबर २०२३ मध्ये मिचाँग चक्रीवादळाच्या वेळी, शहरातील वेळच्चेरीसारख्या सखल भागांत असंख्य वाहने पाण्यात उभी होती.

अशा पाण्यात सांडपाणी आणि क्षार मिसळलेले असल्याने ते वीजवाहक असते. कपलरच्या तोंडाशी असलेले रबरी कडे चिरले असेल, तर पाणी आत शिरते. ५ व्होल्टची पिन आणि भूमिसंपर्काची पिन यांच्यामध्ये त्याचा थर राहिला की विद्युत् विच्छेदन सुरू होते आणि धन बाजूची पिन हळूहळू विरघळते. शिवाय तार अनेक बारीक तंतूंची असते. दिव्याच्या वातीत तेल चढावे तसे पाणी त्या तंतूंमधून इन्सुलेशनच्या आत पुढे सरकते. गाडी बाहेरून कोरडी झाली तरी आतले काम चालूच राहते. म्हणून पुरात बुडालेल्या गाडीचा दोष कित्येक महिन्यांनी प्रकट होतो आणि तोपर्यंत पुराचा विसर पडलेला असतो.

पाण्यामुळे होणाऱ्या दोषाची खूण उलटी असते हेही ध्यानात ठेवावे. मळलेल्या पिनेमुळे रोध वाढतो आणि इंजिन आहे त्यापेक्षा थंड भासते. दोन पिनांमध्ये ओलाव्याची वाट तयार झाली, तर एकूण रोध घटतो आणि इंजिन आहे त्यापेक्षा अधिक तापलेले भासते.

निदानाचा क्रम

काहीही सोडविण्यापूर्वी निदान-यंत्रावर प्रत्यक्ष आकडे वाचावेत. गाडी रात्रभर उभी असेल, तर सकाळी शीतकाचे आणि आत येणाऱ्या हवेचे तापमान जवळजवळ सारखेच दिसावयास हवे. चेन्नईच्या सकाळी एक आकडा २८ आणि दुसरा १० दाखवीत असेल, तर संशयित मंडल सापडले असे समजावे.

इंजिन चालू ठेवून कपलर आणि त्यामागील तारांची जुडी हाताने हलकेच हलवावी. आकडा उडी मारू लागला, तर दोष हाताखालीच आहे. पंख्यापासून आणि तापलेल्या भागांपासून हात दूर ठेवण्याची काळजी मात्र घेतली पाहिजे.

त्यानंतर इंजिन बंद करून कपलर सोडवावा. दोन तारांच्या तापमान-संवेदकात, कपलर सोडविताच निदान-यंत्रावर तापमान उणे ४० अंशांच्या आसपास गेले पाहिजे. कपलरमधील दोन पिना तारेच्या तुकड्याने जोडल्या की ते वरच्या टोकाला, १३० अंशांच्या पुढे, गेले पाहिजे. दोन्ही गोष्टी घडल्या, तर नियंत्रक आणि तारा सलग आहेत. ही चाचणी दोन तारांच्या संवेदकापुरतीच योग्य होय. तीन तारांच्या संवेदकात अशी जोड दिल्यास वीजपुरवठाच भूमीशी जोडला जाण्याचा धोका असतो. तेथे उत्पादकाचा मंडल-आराखडा पाहिल्यावाचून हात घालू नये.

मग मल्टिमीटरने संवेदकाचा रोध मोजावा आणि उत्पादकाच्या तक्त्याशी ताडून पाहावा. संवेदक बरोबर, तारा सलग, आणि तरीही जोडल्यावर आकडा चुकीचा येत असेल, तर दोष राहण्यास एकच जागा उरते, ती म्हणजे कपलर. मीटरची टोकदार सळई तारेच्या इन्सुलेशनमध्ये टोचण्याची सवय वाईट आहे. त्या छिद्रातून पुढील पावसाळ्यात पाणी शिरते आणि एका दोषाचा शोध दुसऱ्याला जन्म देतो. कपलरच्या मागील बाजूने, तारेलगत बारीक सळई सरकवून मोजमाप करणे हा योग्य मार्ग होय.

दुरुस्ती

दुरुस्तीपूर्वी बॅटरीचे ऋण टोक सोडवावे. कळंक वरवरचा असेल, तर विद्युत् संपर्क साफ करण्याचे द्रावण आणि मऊ ब्रश पुरेसा असतो. सँडपेपर वापरू नये. कल्हईचे भांडे वाळूने घासल्यावर जे होते तेच येथे होते: मळ जातो, त्याबरोबर कथिलही जाते आणि उघडे पडलेले तांबे पहिल्यापेक्षा लवकर खराब होते.

पुष्कळदा पिन स्वच्छ असूनही सैल झालेली असते. जोडीच्या मापाची सुटी पिन मादी-पिनेत घालून ओढून पाहिली, की पकड आहे की नाही ते समजते. पकड गेलेली पिन चिमट्याने दाबून बसविणे हा तात्पुरता उपाय आहे. ती प्लास्टिकच्या घरातून योग्य हत्याराने बाहेर काढून नवी बसवावी.

तार आतून काळी पडली असेल, तर चकचकीत तांबे दिसेपर्यंत ती कापावी लागते. नवा तुकडा जोडताना योग्य मापाची नळी हत्याराने दाबून बसवावी आणि वर आतून गोंद असलेले, उष्णतेने आवळणारे वेष्टण चढवावे. डाख लावलेला जोड दिसावयास मजबूत दिसतो. परंतु डाख तारेच्या तंतूंत पुढे चढून ती ताठ करते आणि कंपनांमुळे तार नेमकी त्या ताठ भागाच्या कडेशी तुटते. शेजारशेजारच्या तारांचे जोड एकाच जागी न घेता मागेपुढे घ्यावेत.

चेन्नईत जुन्या सुट्या भागांसाठी पुदुपेट्टैचा बाजार अनेक दशके प्रसिद्ध आहे. तारेसह कापलेला जुना कपलर वापरावयाचा असल्यास त्याचे रबरी कडे आणि तारेचे आतील तांबे पाहूनच तो घ्यावा. शेवटी रबरी कड्याला सिलिकॉन ग्रीसचे बोट लावावे, खटका आवाज होईपर्यंत दाबावा आणि तार कपलरपाशी येण्यापूर्वी तिला खाली थोडा झोळ द्यावा, म्हणजे तारेवरून ओघळणारे पाणी कपलरमध्ये न जाता खाली ठिबकते. नोंद पुसून गाडी चालवून पाहिल्याखेरीज दुरुस्ती पूर्ण झाली असे मानू नये.

जेथे चूक परवडत नाही

काही संवेदकांचा संबंध थेट प्राणांशी असतो. १ एप्रिल २०१९ पासून १२५ घनसेंटिमीटरहून मोठ्या इंजिनाच्या सर्व नव्या दुचाकींना चाक अडकू न देणारी ब्रेक-यंत्रणा आवश्यक झाली. ही यंत्रणा चाकाजवळच्या वेग-संवेदकावर अवलंबून असते आणि त्याचा कपलर चिखलपाण्याच्या थेट माऱ्यात असतो. संपर्क तुटला की साधा ब्रेक लागतो. परंतु ओल्या रस्त्यावर चाक न अडकण्याची हमी जाते. समोर लागलेला दिवा डोळ्यांना त्रास देतो म्हणून त्यावर पट्टी चिकटविणारा चालक त्या हमीवर स्वतःच पाणी सोडतो.

पिवळ्या रंगाचे कपलर हवापिशव्यांच्या मंडलाचे असतात. त्यांतील पिनांवर पुष्कळदा सोन्याचा मुलामा असतो, कारण क्षणभराच्या प्रवाहात तेथे कोणतीही शंका राहून चालत नाही. त्यांना साध्या मीटरने हात लावू नये. मीटरचा क्षीण प्रवाहही पिशवी फोडू शकतो. हे काम प्रशिक्षित कारागिराचेच आहे.

इतर कपलरांच्या बाबतीत मात्र गाडीच्या मालकालाही एक गोष्ट करता येते. संवेदक बदलावा लागेल असे सांगितले गेले, तर संवेदकाचा रोध मोजला का आणि कपलर उघडून पाहिला का, हे दोन प्रश्न त्याने विचारावेत. चांगला मेकॅनिक या प्रश्नांनी रागावत नाही. त्याने ते काम बहुधा आधीच केलेले असते.