‘त्याचा’ म्हणजे कोणाचा?

मराठीच्या निवृत्त प्राध्यापकाने या स्मृतिव्याख्यानासाठी अपूर्णांकांचा विषय निवडावा, याचे अनेकांना नवल वाटले असेल. परंतु एका प्रकारच्या शाब्दिक उदाहरणांत मुले अंकगणितात चुकत नाहीत, षष्ठी विभक्तीत चुकतात, अशी माझी खात्री झाली आहे.

आमच्या सुरतेतील घरी शेजारचा सातवीतला मुलगा वही घेऊन येतो. कुटुंब खानदेशातले, वडील यंत्रमागावर. त्याचे उदाहरण असे होते : कामगाराने पगाराचा एक तृतीयांश गावी पाठविला, उरलेल्याचा एक चतुर्थांश भाड्यास दिला, हाती ६,००० रुपये राहिले, तर पगार किती? शेवटाकडून मागे जाण्याची युक्ती मुलाने बरोबर धरली होती. ६,००० मध्ये त्याचा चौथा हिस्सा मिळविला, ७,५०० झाले. त्यात त्याचा तिसरा हिस्सा मिळविला, १०,००० झाले. ताळा घेतला तर हाती ५,०००च! “आजोबा, मला गणित येणारच नाही का?” त्याने विचारले. या वयात मीही हेच विचारले होते, आणि मला ‘नाही’ असे उत्तर मिळाले होते.

भाडे ६,०००चा चौथा हिस्सा नव्हतेच. ते भाडे देण्यापूर्वीच्या रकमेचा चौथा हिस्सा होते. त्या रकमेचे चार भाग कल्पावे. एक गेला, तीन उरले. म्हणजे गेलेला भाग हातच्या रकमेचा तिसरा हिस्सा : २,०००. मिळविले की ८,०००. हे पगाराच्या तिनांतले दोन भाग. म्हणून गावी गेले त्याचे निम्मे, ४,०००. पगार १२,०००. पुढे येताना जो चतुर्थांश, तोच मागे जाताना तृतीयांश होतो.

भास्कराचार्यांनी ११५०च्या सुमारास रचलेल्या ‘लीलावती’त नेमकी हीच अडचण हेरली आहे. उलट क्रियेची रीत आर्यभटानेही दिली होती : गुणिले तेथे भागावे, मिळविले तेथे वजा करावे. भास्कराचार्य मात्र ‘स्वांशा’साठी, म्हणजे संख्येत तिचाच अंश मिळविला वा वजा केला असेल तेव्हासाठी, निराळा नियम सांगतात : मिळविला असल्यास छेदात अंश मिळवावा, वजा केला असल्यास छेदातून अंश वजा करावा, आणि मग उलट क्रिया करावी. त्यांच्या उदाहरणात एका पायरीवर ८४ मध्ये त्याचाच पाऊण हिस्सा मिळवून १४७ होतात. परतताना पाऊण नव्हे, तीन सप्तमांश वजा करायचे. ६३ जाऊन पुन्हा ८४. चारांत तीन मिळाले की भाग सात होतात, इतकेच त्यातले रहस्य.

(सुरतकरांनी एवढे ध्यानात ठेवावे की, भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकविण्यासाठी त्यांचा नातू चांगदेव याने स्थापिलेल्या मठाचा १२०७चा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटणचा, म्हणजे आपल्याच तापीच्या खोऱ्यातला. तो भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला.)

मुलाला मी नियम सांगितला नाही. प्रत्येक ‘चा’खाली तो कोणाचा, हे लिहावयास लावले. त्याने लिहिले आणि १२,००० काढले. मग मी ‘उरलेल्याचा’ खोडून ‘पगाराचाच एक चतुर्थांश’ असे केले. आता मागे जाता येईना, कारण भाडे ज्याचा हिस्सा, तो पगारच अज्ञात. येथे ‘लीलावती’तले इष्टकर्म उपयोगी पडते. पगार १२ मानावा. ४ आणि ३ गेले, ५ राहिले. ५ च्या जागी ६,००० आहेत, म्हणजे १,२०० पट, पगार १४,४००. एक शब्द खोडला, तर पगार २,४०० रुपयांनी वाढला, याचे त्या मुलाला फार हसू आले.