गेम खेळताना टीव्हीचे चित्र
टीव्हीवर गेम खेळताना बटण दाबल्यावर पडद्यावरचा खेळाडू क्षणभर उशिराने हलत असेल, तर दोष बहुधा कन्सोलचा नसतो. चित्र देखणे करण्यासाठी टीव्ही प्रत्येक फ्रेमवर प्रक्रिया करतो आणि त्यात वेळ जातो. ‘गेम मोड’ ही प्रक्रिया बरीचशी थांबवतो. मग चित्र काहीसे फिके भासते, म्हणून अनेकजण पुन्हा ‘व्हिविड’कडे वळतात, तसे करू नये. गेम मोडमध्येच रंगछटा ‘वॉर्म’ ठेवावी. शार्पनेस कमी करावा. तो वाढवून तपशील वाढत नाहीत, केवळ कडांभोवती पांढरट रेषा उमटतात. कन्सोलवरील एचडीआर कॅलिब्रेशन त्यानंतरच करावे. २०१७ मध्ये जाहीर झालेल्या एचडीएमआय २.१ मधील ‘एएलएलएम’ सुविधा दोन्ही उपकरणांत असल्यास टीव्ही आपणहून गेम मोडमध्ये जातो. जुन्या टीव्हीवर तो रिमोटने निवडावा लागतो.