अंडी खारात घालताय? आधी हे वाचा

परवा वस्तीत रक्तदाब तपासायला गेले होते. एका मावशींच्या फळीवर काचेची बरणी दिसली. मिठाच्या पाण्यात आठ-दहा उकडलेली, सोललेली अंडी आणि वर घट्ट झाकण.

"ताई, स्वस्त मिळाली म्हणून अख्खा ट्रे आणला. माझी आई कैऱ्या अशाच ठेवायची, वर्षभर टिकायच्या."

बरणी चार दिवस बाहेरच होती. मी ती अंडी टाकायला लावली. मावशींचा चेहरा पडला. पोरांच्या तोंडचा घास टाकताना जीव तुटतो, हे मलाही कळतं. पण कैरी आणि अंडं यात मोठा फरक आहे.

कैरी मुळात आंबट. मिठाबरोबर तिचा आंबटपणाही जंतूंना रोखतो. अंड्यात आंबटपणा नसतो. मातीत आढळणारा एक जंतू बीजरूपात असला, तर साध्या उकळण्याने मरत नाही. हवाबंद बरणीत, आंबट नसलेल्या पदार्थात तो वाढतो आणि विष तयार करतो. खाता येईल इतकं खारट पाणी त्याला अडवेलच असं नाही. या विषबाधेला बॉट्युलिझम म्हणतात. चव-वास बिघडलेला नसला तरी विष असू शकतं.

1997 साली अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यात एका माणसाला घरी मुरवलेल्या अंड्यांतून ही बाधा झाली. त्याने तर व्हिनेगरही घातलं होतं. पण अंडी काडीने टोचली होती आणि बरणी फ्रीजबाहेर ठेवली होती.

घरात फ्रीज असेल तर

- सहा अंडी 10-12 मिनिटं उकडा, गार पाण्यात टाकून सोला. टोचू नका. फुटलेलं अंडं लगेच खाऊन टाका.
- दीड कप व्हिनेगर, अर्धा कप पाणी, एक चमचा मीठ, थोडी मिरी आणि लसूण एकत्र उकळा. भांडं स्टीलचं घ्या, अ‍ॅल्युमिनियमचं नको.
- उकळत्या पाण्याने धुतलेल्या काचेच्या बरणीत अंडी ठेवून वर हे पाणी ओता. अंडी पूर्ण बुडाली पाहिजेत.
- बरणी लगेच फ्रीजमध्ये ठेवा. आठवड्याने चव मुरते. पुढच्या दोन आठवड्यांत संपवा.
- दिवसदिवस वीज जात असेल, तर हा खटाटोप करू नका.

फ्रीज नसेल तर

अंडी खारात घालूच नका. कच्ची अंडी न धुता, गार सावलीत ठेवा आणि लागतील तेवढीच उकडा. उकडलेलं अंडं दोन तासांच्या आत खा.

रक्तदाब किंवा मूत्रपिंडाचा त्रास असलेल्यांनी खारातली अंडी टाळावीत. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते मोठ्या माणसाला दिवसाला 5 ग्रॅमपेक्षा कमी, म्हणजे जेमतेम एक छोटा चमचा मीठ पुरे. त्यात भाजी-चटणीतलंही आलं.

असं काही खाल्ल्यावर एकाचे दोन दिसू लागले, पापण्या जड झाल्या, बोलणं अडखळलं, गिळता येईना, श्वास लागला, तर घरगुती उपाय करत बसू नका. तडक मोठ्या सरकारी दवाखान्यात जा आणि काय खाल्लं ते डॉक्टरांना सांगा. यावर औषध आहे, पण ते वेळेत मिळायला हवं.

एका अंड्यात साधारण 6 ग्रॅम प्रथिनं असतात. ती ताज्या अंड्यातही तेवढीच मिळतात. मावशींनी उरलेली कच्ची अंडी आता माठाशेजारी ठेवली आहेत. रोज सकाळी नातवंडांपुरती दोनच उकडतात.