नागरिक घडविणारी शाळा

बंगळुरूच्या बुल टेंपल मार्गावर मराठी माणसाला एक ओळखीचे नाव भेटते. गोपाळ कृष्ण गोखले यांच्या नावाची ‘गोखले सार्वजनिक विचार संस्था’ कन्नड लेखक डी. व्ही. गुंडप्पा यांनी १९४५ साली स्थापन केली. कन्नड वाचक त्यांना ‘डीव्हीजी’ म्हणतात, ते मुख्यतः ‘मंकुतिम्मन कग्ग’ या काव्यामुळे. मला मात्र त्यांचे सार्वजनिक जीवनाविषयीचे लेखन आज अधिक निकडीचे वाटते.

मताधिकाराने माणूस मतदार होतो; नागरिक होण्यासाठी अभ्यास आणि सराव लागतो, ही त्या लेखनामागची धारणा. सामान्य माणसाने सार्वजनिक प्रश्न वाचावेत, त्यांवर पक्षनिरपेक्ष चर्चा करावी, यासाठी त्यांनी संस्था उभारली. ‘ज्ञापक चित्रशाळे’ या स्मृतिचित्रांत म्हैसूरच्या दिवाणांबरोबर साध्या सज्जनांनाही त्यांनी स्थान दिले. उतारवयात सत्कारात मिळालेली थैलीही त्यांनी संस्थेलाच देऊन टाकली.

त्यांच्याच बंगळुरूत महापालिकेच्या निर्वाचित सभागृहाची मुदत सप्टेंबर २०२० मध्ये संपली आणि पुढे वर्षानुवर्षे कारभार प्रशासकांकडे राहिला. मुदत संपण्यापूर्वी निवडणूक व्हावी, असे संविधानाचा अनुच्छेद २४३-यू सांगतो. मार्च २०२२ पासून मुंबईनेही प्रशासकांचा दीर्घ कारभार अनुभवला.

नगरसेवक भ्रष्ट असतात, त्यापेक्षा अधिकारी बरे, असे सुशिक्षित वर्गात सर्रास ऐकू येते. या आक्षेपात तथ्य नाही असे नाही. परंतु नगरसेवकाला मतपेटीतून घरी पाठविता येते. प्रशासकाची नियुक्ती आणि बदली दोन्ही राज्य सरकारच्या हाती असतात. नागरिकाने केवळ कचरा वेगळा करावा, कर भरावा आणि निर्णयांविषयी गप्प राहावे, ही व्यवस्था डीव्हीजींच्या कल्पनेतील नागरिकाला पुरणारी नाही.

खड्डे आणि तुंबलेली गटारे यांविषयी मी अनेकदा तक्रारी केल्या. प्रभागाला प्रतिनिधी नाही, याविषयी मात्र कोणालाही एक पत्रसुद्धा लिहिले नाही. माझे शेजारीही त्याबाबतीत गप्पच होते. निवडणुका लांबविणे सरकारांना सोपे गेले, त्यात या मौनाचा वाटा मोठा आहे. नागरी कर्तव्यांची यादी करताना वेळेवर निवडणूक मागणे हे कर्तव्य आपण त्यात सर्वांत वर लिहिले पाहिजे.