पोरखेळाचं दप्तर

ज्या पुस्तकावर पोरांचा जीव जडतो, ते पुस्तक टिकत नाही. त्याची पानं दुमडतात, चित्रांवर खडू फिरतात, कोपरे चघळले जातात आणि उरलंसुरलं धाकट्या भावंडाच्या हातून शिवणीतून सुटून येतं. लंडनचा प्रकाशक जॉन न्यूबेरी याने १७४४ साली ‘अ लिटल प्रिटी पॉकेट-बुक’ हे चिमुकलं पुस्तक काढलं. मुलांनी मजेने वाचावीत अशा इंग्रजी पुस्तकांचा इतिहास सहसा इथूनच सुरू करतात. किंमत सहा पेन्स. वर आणखी दोन पेन्स दिले की मुलासाठी चेंडू किंवा मुलीसाठी टाचण्या खोचायची उशी मिळे. पुस्तक भरपूर खपलं, आवृत्त्यांवर आवृत्त्या निघाल्या. पण पहिल्या आवृत्तीची एकही प्रत आज कुठे असल्याचं माहीत नाही. सर्वांत जुनी प्रत मिळते ती १७६० सालची, दहाव्या आवृत्तीची.

मोठ्यांचे ग्रंथ राजवाड्यांनी, मठांनी, विद्यापीठांनी सांभाळले. मुलांची पुस्तकं सांभाळावीत असं फार थोड्यांना वाटलं. ज्यांना वाटलं त्यांत इंग्लंडमधलं एक जोडपं फार वरच्या जागी आहे: आयोना आणि पीटर ओपी. १९९९ साली आयोना ओपी यांना ‘कमांडर ऑफ द ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर’ हा राष्ट्रीय सन्मान मिळाला. त्याच्या आदल्या वर्षी ब्रिटिश अकादमीने त्यांना मानद फेलो केलं होतं. निम्मं काम ज्यांचं होतं ते पीटर तोवर जाऊन सतरा वर्षं झाली होती, आणि राष्ट्रीय सन्मान मरणोत्तर देण्याची तिकडे पद्धत नाही.

दोघांपैकी कोणीही विद्यापीठाची पदवी घेतलेली नव्हती. पीटर यांचा जन्म १९१८ सालचा, कैरोतला. वडील लष्करात डॉक्टर. शिक्षण ईटनच्या नामांकित शाळेत झालं, पण पुढे कॉलेजची पायरी चढायचं राहून गेलं. आयोना पाच वर्षांनी लहान, जन्म कोल्चेस्टरचा. त्यांचे वडील सुदानमध्ये रोगनिदान-संशोधक होते. पीटर यांनी विशी ओलांडताच ‘आय वाँट टू बी अ सक्सेस’ नावाचं आत्मचरित्र लिहून टाकलं होतं. ते वाचून आयोनांनी त्यांना पत्र धाडलं आणि ओळख झाली. महायुद्ध चालू होतं. पीटर सैन्यातून प्रकृतीच्या कारणाने बाहेर पडले होते, आयोना हवाई दलाच्या महिला शाखेत हवामान खात्यात होत्या. १९४३ साली लग्न झालं.

पुढच्या वर्षी, पहिलं मूल पोटात असताना, दोघं शेताच्या कडेने फिरायला गेले होते. तिथे लाल पाठीवर काळे ठिपके असलेला एक किडा बोटावर आला. इंग्लंडमधलं कोणतंही पोर अशा वेळी त्या किड्याला एक गाणं म्हणून दाखवतं: तुझ्या घराला आग लागली आहे, तू घरी जा. तेच गाणं यांच्याही तोंडून आलं. किडा उडाला आणि प्रश्न मागे राहिला. हे गाणं आपल्याला कोणी शिकवलं? किती जुनं आहे? आग कसली? ग्रंथालयात जाऊन शोधलं तेव्हा या विषयावरचा भरीव ग्रंथ म्हणून हाती आला तो जेम्स ऑर्चर्ड हॅलिवेल यांचा, १८४२ सालचा. मधल्या शंभर वर्षांत कुणीही कंबर कसून या कामाला हात घातला नव्हता.

दोघांनी तो घातला. पीटर यांच्या एका पुस्तकाला स्पर्धेत बक्षीस मिळालं आणि त्या पैशांवर सुरुवातीचा काळ निभावला. सात वर्षांच्या खटपटीनंतर १९५१ साली ‘द ऑक्सफर्ड डिक्शनरी ऑफ नर्सरी ऱ्हाइम्स’ हा कोश बाहेर आला. पाचशेहून अधिक बडबडगीतं, आणि प्रत्येकाखाली त्याची कुळकथा: पहिल्यांदा छापलं कधी, पाठभेद कोणते, इतर देशांत त्याचे भाऊबंद कोण, आणि त्याच्याविषयी ज्या दंतकथा चिकटल्या आहेत त्यांत तथ्य किती. आपल्याकडच्या बालवाडीत मुलं ज्याचं चित्र पाहूनच ‘अंडं’ म्हणून मोकळी होतात, तो हम्टी डम्टी मुळात एक कोडं होता आणि अंडं हे त्याचं उत्तर होतं, हे या कोशात नीट वाचायला मिळतं.

संग्रह सुरू झाला तो या कोशाच्या पोटातून, हे ध्यानात ठेवायला हवं. एखादं गाणं १७८० च्या सुमाराचं आहे असं म्हणायचं, तर त्या सुमाराचा छापील कागद समोर लागतो. असे कागद मोठ्या ग्रंथालयांतही तुटपुंजे होते. फेरीवाले गावोगाव फिरून पेनी-अर्ध्या पेनीला विकत ती ‘चॅपबुकं’, म्हणजे एकच मोठा कागद घड्या घालून केलेली पुस्तिका. मूठ असलेल्या लाकडी फळीवर अक्षरांचा कागद डकवून वर शिंगाचा पारदर्शक पापुद्रा ठोकलेली ‘हॉर्नबुकं’. पुठ्ठ्याच्या घडीवर छापलेल्या बाराखड्या. हाताने रंगवलेली चित्रं. पुढच्या काळातली कॉमिक्स. यांतलं बरंच काही ग्रंथालयाच्या दृष्टीने पुस्तकच नव्हतं. तेव्हा हे सगळं विकत घेण्यावाचून गत्यंतर नव्हतं. अशा मालाला त्या काळी आजच्यासारखा भाव नव्हता, ही त्यातल्या त्यात सोय. पीटर प्रत्येक खरेदीची रोजनिशी ठेवत. काय आलं, कुठून आलं, त्यात विशेष काय, हे त्या वह्यांत आहे. पुढे अभ्यासकांनी त्या वह्यांतले उतारेही छापले. वाढत वाढत संग्रह वीस हजारांच्या घरात गेला.

हॅम्पशर परगण्यातल्या वेस्ट लिस गावचं त्यांचं घर म्हणजे घर कमी आणि कचेरी जास्त. धुंडाळायचं, जुळवायचं, टिपणं काढायची हा मुख्यतः आयोनांचा प्रांत. लिहायचं पीटर यांनी. नोकरी नाही, प्राध्यापकी नाही, पाठीशी संस्था नाही. पुस्तकांच्या मानधनावर संसार, तीन मुलं आणि वाढती कपाटं. मान मिळत गेला, पण तो पोट भरणारा नव्हता. ऑक्सफर्ड विद्यापीठाने १९६२ साली दोघांना मानद एम. ए. दिली. ब्रिटनच्या लोकसाहित्य मंडळाचं अध्यक्षपद पीटर यांच्याकडे आलं.

कपाटातला कागद आणि रस्त्यावरचं पोर यांची गाठ घालणं, हे या दोघांचं खरं वेगळेपण. पन्नाशीच्या दशकात इंग्लंडमधले वडीलधारे तक्रार करत होते की रेडिओ, सिनेमा आणि नव्याने आलेला टीव्ही यांनी मुलांचे खेळ मारले. ओपी दांपत्याने वृत्तपत्रातून आवाहन केलं, शाळाशाळांतल्या शिक्षकांना हाताशी धरलं आणि मुलांनाच लिहितं केलं. सत्तरएक शाळांतल्या सुमारे पाच हजार मुलांच्या सांगण्यावर उभा राहिलेला ‘द लोअर अँड लँग्वेज ऑफ स्कूलचिल्ड्रन’ हा ग्रंथ १९५९ साली आला आणि वडीलधाऱ्यांची तक्रार खोटी ठरली. कोडी, शपथा, टोपणनावं, चिडवणी, पैजा, मास्तरांवरची पदं, सगळं जिवंत होतं; फक्त मोठ्यांच्या कानांवर पडत नव्हतं.

त्यांनी एक हिशेबही मांडला. बडबडगीत आजीकडून नातवाकडे जातं, त्यामुळे शंभर वर्षांत ते मोजक्याच तोंडांतून फिरतं. शाळेच्या मैदानातलं गाणं मात्र मोठ्या पोराकडून धाकट्याकडे जातं आणि तिथली पिढी सहाएक वर्षांत बदलते. म्हणजे सव्वाशे वर्षांत वीसेक पिढ्या. एवढ्या हातांतून जाऊनही शब्द शाबूत राहतात, याचं त्यांना नवल वाटे. वेगाचा नमुना तर थक्क करणारा. १९३६ च्या डिसेंबरात राजा आठवा एडवर्ड आणि सिम्पसनबाई यांचं प्रकरण वृत्तपत्रांत फुटलं. रेडिओने किंवा छापखान्याने उच्चारही केला नसता असं त्यावरचं नाताळगीताचं विडंबन काही आठवड्यांत, सहामाही संपायच्या आत, देशभरच्या शाळांत म्हटलं जात होतं. पोरांची टपालसेवा सरकारी टपालाच्या तोडीस तोड निघाली.

खेळात दम लागला की आपल्याकडची मुलं ‘टाइमप्लीज’ म्हणतात. ब्रिटनमध्ये त्यासाठी मुलुखागणिक निराळा शब्द: लंडनच्या बाजूला ‘फेनाइट्स’, पश्चिमेला आणि स्कॉटलंडात ‘बार्ली’, पूर्वेकडे ‘किंग्ज’, ईशान्येला ‘स्किंच’. ओपींनी त्यांचा नकाशाच काढला. या सीमा कोणत्याही शिक्षणखात्याने आखलेल्या नव्हत्या आणि शब्दांची यादी कुठल्या क्रमिक पुस्तकात नव्हती.

संग्रहाचा दुसरा उपयोग भाकडकथा निकालात काढण्यासाठी झाला. ‘रिंगा रिंगा रोझेस’ म्हणत गोल फिरून बसकण मारणारी मुलं म्हणजे लंडनच्या प्लेगची आठवण, गुलाब म्हणजे अंगावरचे चट्टे आणि पडणं म्हणजे मरण, ही कथा आपल्याकडेही मोठ्या आत्मविश्वासाने सांगितली जाते. ओपींनी विचारलं, पुरावा? प्लेग १६६५ चा आणि इंग्लंडात हे गाणं छापून येतं १८८१ मध्ये. प्लेगचा अर्थ कुणी लावल्याचा दाखला विसाव्या शतकाआधी मिळत नाही. गाण्यात येणाऱ्या शिंका हे त्या रोगाचं ठळक लक्षण नव्हे, आणि इतर देशांतल्या याच खेळात मरणाचा मागमूस नाही. कथा रंजक आहे, खरी नाही.

परीकथांच्या बाबतीतही तेच. १९७४ च्या ‘द क्लासिक फेअरी टेल्स’मध्ये चोवीस कथा इंग्रजीत पहिल्यांदा जशा छापल्या गेल्या तशाच दिल्या आहेत. तीन अस्वलांच्या घरात शिरणारी सोनेरी केसांची गोड मुलगी रॉबर्ट साउदी यांच्या १८३७ च्या छापील कथेत नाहीच; तिथे आहे एक आगाऊ, तोंडाळ म्हातारी. जुनी प्रत समोर असल्याशिवाय असं विधान छातीठोकपणे करता येत नाही.

पीटर १९८२ च्या फेब्रुवारीत वारले. आयोना तेव्हा अठ्ठावन्न वर्षांच्या होत्या. १९७० पासून त्या दर आठवड्याला जवळच्या शाळेच्या मैदानावर जाऊन उभ्या राहत आणि मुलं सांगतील ते टिपत. तो क्रम १९८३ पर्यंत चालला. त्या टिपणांचं ‘द पीपल इन द प्लेग्राउंड’ हे पुस्तक १९९३ साली आलं. अर्धवट राहिलेला गाण्याच्या खेळांवरचा ग्रंथ त्यांनी १९८५ साली पुरा केला, वस्तू वापरून खेळायच्या खेळांवरचा १९९७ साली.

मधल्या काळात संग्रहाचं काय करायचं, हा प्रश्न सोडवायचा होता. अंदाजे किंमत दहा लाख पौंड. लिलावात सुटी सुटी पुस्तकं विकण्याची वाट मोकळी होती. आयोनांना संग्रह एकत्र राहायला हवा होता आणि तो ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात जायला हवा होता. त्यांनी निम्मी किंमत देणगी म्हणून सोडून दिली. उरलेल्या पाच लाखांसाठी जाहीर निधी उभारला गेला, तत्कालीन युवराज चार्ल्स त्याचे आश्रयदाते झाले आणि १९८८ साली संग्रह बॉडलियनचा झाला. त्यात १८०० सालाआधीची आठशेच्या वर पुस्तकं आहेत.

मुलांच्या पुस्तकांचे दाते आणखीही झाले. डर्बीशरचे ग्रंथपाल एडगर ऑस्बर्न यांनी १९४९ साली आपली सुमारे दोन हजार जुनी पुस्तकं कॅनडातल्या टोरांटोच्या सार्वजनिक ग्रंथालयाला दिली. तिथलं बालविभागाचं काम त्यांना आवडलं होतं. न्यूट्रोजीना कंपनीचे प्रमुख लॉइड कॉट्सन यांच्या संग्रहातून अमेरिकेत प्रिन्स्टन विद्यापीठात १९९७ साली बालग्रंथालय उघडलं. कॉट्सन यांच्यापाशी पैसा होता, ऑस्बर्न यांच्यापाशी व्यवसायाची नजर. ओपींचं दान मला अधिक मोलाचं वाटतं, कारण ज्यांच्याकडे पगारही नव्हता त्यांनी पाच लाख पौंड सोडले, आणि त्याआधी त्याच पुस्तकांतून चाळीस वर्षं ज्ञान काढून लोकांच्या हाती दिलं. राष्ट्रीय सन्मान त्यानंतर अकरा वर्षांनी आला. पुस्तकं जमवणारे पुष्कळ असतात. जमवलेल्या पुस्तकांना प्रश्न विचारणारा संग्राहक विरळा.

आयोना २०१७ साली, चौऱ्याण्णवाव्या वर्षी गेल्या. घरातली खोड मुलांतही उतरली: थोरले जेम्स खेळण्यातल्या शिशाच्या सैनिकांचे जाणकार, तर रॉबर्ट यांनी बिस्किटांचे डबे, साबणांची वेष्टनं अशा फेकायच्या वस्तू जमवून लंडनमध्ये अख्खं संग्रहालय उभं केलं. आयोनांनी १९६९ ते १९८३ या काळात ध्वनिमुद्रित केलेली मुलांची गाणी ब्रिटिश लायब्ररीत आहेत. हजारो मुलांच्या हस्ताक्षरातली उत्तरंही जपली गेली आहेत.

आपल्या घरातही माळ्यावर एखादी ट्रंक असतेच. तिच्यात ‘आनंद’ मासिकाचे सुटे अंक, मुखपृष्ठ गेलेली गोष्टींची पुस्तकं, पाठीमागे कुणीतरी शाईने नाव लिहिलेलं अंकलिपीचं पान निघेल. रद्दीवाल्याला हाक मारण्याआधी ती ट्रंक एकदा उघडा. कुणाचं पुस्तक, कोणत्या साली घरात आलं, कोणी वाचलं, एवढं एका वहीत लिहून ठेवा आणि जवळच्या ग्रंथालयाला विचारा. ओपींनी सुरुवात केली तेव्हा त्यांच्यापाशीही याहून जास्त काही नव्हतं.