देवस्थानातील सेवकांची बदली आणि न्यायालयीन आव्हाने : एक विवेचन

प्रस्तावना :
ठाणे जिल्ह्यात कल्याण व उल्हासनगर यांच्या दरम्यान असलेल्या विठ्ठलवाडीच्या नावातच विठ्ठल आहे. अशा उपनगरी वस्त्यांतील मंदिरे बहुधा एकेका विश्वस्त संस्थेची असतात. तेथे सेवकाला दुसरीकडे पाठवायला दुसरे मंदिरच नसल्याने बदलीचा प्रश्न सहसा उद्भवत नाही. अनेक मंदिरे एका व्यवस्थापनाखाली आली म्हणजे मात्र तो उभा राहतो. कोल्हापूरच्या पश्चिम महाराष्ट्र देवस्थान व्यवस्थापन समितीकडे तीन हजारांहून अधिक मंदिरे आहेत. अशा ठिकाणी झालेल्या बदलीस न्यायालयात कोणत्या आधारावर आव्हान देता येते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

हक्काकडून नोकरीकडे :
बदली ही संकल्पना नोकरीची आहे. वंशपरंपरागत हक्काची नव्हे. पंढरपुरात बडवे, रुक्मिणीमातेचे उत्पात, तसेच पुजारी, बेणारी, परिचारक, हरिदास, डिंगरे, दिवटे व डांगे हे सेवाधारी वंशपरंपरेने सेवा करीत. त्यांची सेवा विशिष्ट देवतेशी व विशिष्ट विधीशी बांधलेली होती. त्यामुळे तिची बदली संभवतच नव्हती. नाडकर्णी आयोगाच्या अहवालानंतर झालेल्या पंढरपूर मंदिरे अधिनियम, 1973 ने हे हक्क रद्द केले. त्याविरुद्धचा दीर्घ न्यायालयीन लढा जानेवारी 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने संपला आणि अधिनियम कायम राहिला. हक्कदाराची जागा पगारी सेवकाने घेतली. सेवक मनमानी वंशहक्कातून मुक्त झालेल्या व्यवस्थेत आला खरा, परंतु त्याच वेळी तो व्यवस्थापनाच्या आदेशाधीनही झाला.

न्यायालयीन निकष :
बदली ही सेवेची आनुषंगिक बाब आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार स्पष्ट केले आहे. शिल्पी बोस (1991) व एस. एल. अब्बास (1993) या प्रकरणांतील निर्णयांनुसार वैधानिक तरतुदीचा भंग किंवा दुष्ट हेतू सिद्ध झाल्याशिवाय न्यायालय सहसा हस्तक्षेप करीत नाही. केवळ गैरसोय हे पुरेसे कारण ठरत नाही. मात्र शिक्षेच्या ऐवजी केलेली बदली टिकत नाही, असे सोमेश तिवारी (2009) प्रकरणात ठरले.

पूजाविधी करणाऱ्या सेवकाबाबत आणखी एक निकष येतो. शेषम्माळ (1972) प्रकरणात पुजाऱ्याची नेमणूक ही ऐहिक बाब मानली गेली. तथापि पूजाविधी परंपरेनुसारच व्हावा, हेही मान्य झाले. यावरून असे म्हणता येते की, लेखनिक किंवा पहारेकरी यांची बदली निव्वळ प्रशासकीय ठरेल, परंतु भिन्न पूजापद्धतीच्या मंदिरात पुजाऱ्यास पाठविल्यास अनुच्छेद 25 व 26 चा मुद्दा उपस्थित होऊ शकतो.

दाद कोठे मागावी ? :
शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन करणारा महाराष्ट्राचा 2005 चा अधिनियम सर्वसाधारणपणे तीन वर्षांचा पदावधी ठरवितो. परंतु देवस्थान समितीचा सेवक शासकीय कर्मचारी नसल्याने त्याला हे संरक्षण मिळत नाही. प्रतिनियुक्तीवर आलेल्या राज्य सेवेतील अधिकाऱ्याची स्थिती वेगळी असते. त्याचा वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे जातो. कायद्याने स्थापन झालेल्या समितीविरुद्ध अनुच्छेद 226 खाली रिट याचिका करता येते. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 खाली केवळ नोंदणी झालेल्या संस्थेच्या सेवकाला हा मार्ग सहसा मोकळा नसतो.

कामगार कायद्याचा आधारही निर्विवाद नाही. व्यवस्थापकीय धोरणाच्या नावाखाली दुष्ट हेतूने केलेली बदली महाराष्ट्राच्या 1971 च्या कामगार कायद्याने अनुचित कामगार प्रथा ठरविली. तिचा लाभ मिळण्यासाठी देवस्थान हा 'उद्योग' आहे, हे आधी सिद्ध करावे लागे. बंगलोर पाणीपुरवठा प्रकरणाने (1978) ही व्याख्या व्यापक केली, पण निव्वळ आध्यात्मिक कार्य तिच्याबाहेर ठेवले. औद्योगिक संबंध संहिता, 2020 ने तर प्रामुख्याने धर्मादाय सेवा करणाऱ्या संस्थाही वगळल्या.

समारोप :
वंशपरंपरागत हक्क संपले, हे सामाजिक समतेच्या दृष्टीने योग्यच झाले. तथापि हक्काच्या जागी सेवाशर्तींचे लेखी संरक्षण न आल्यास मंदिरातील अल्पवेतनी सेवक ना हक्कदार, ना शासकीय कर्मचारी, अशा अवस्थेत राहतो. प्रत्येक देवस्थान समितीने पदावधी, बदलीची कारणे व अपिलाची व्यवस्था नमूद करणारे सेवानियम तयार करणे, हाच न्यायालयीन वाद कमी करण्याचा खात्रीचा उपाय होय.